टायमिंग बेल्ट : एका दातेरी पट्ट्याचा इतिहास

आजचा धागा ताम्रपटाचा नाही आणि बखरीचाही नाही. आजचे साधन म्हणजे एक तेलकट चिठ्ठी. गेल्या दिवाळीत ती मला काकांच्या मारुती ८००च्या बॉनेटखाली चिकटवलेली सापडली. आधीच्या मालकाने तीवर लिहिले होते, ‘टा. बेल्ट बदलला’, आणि पुढे किलोमीटरचा आकडा. तारीख नाही. मधली दोन वर्षे गाडीचा मीटर बंद होता, त्यामुळे तो आकडाही कुचकामी. कालनिर्देश नसलेल्या शिलालेखापुढे अभ्यासक अडतो, तशी मी अडले. फरक इतकाच, की शिलालेखाचा काळ चुकला म्हणून कुणी कुटुंबासह घाटात अडकून पडत नाही.

काका एस.टी.च्या आगारातून मेकॅनिक म्हणून निवृत्त झालेले. “शंका आली ना, मग बदलायचाच,” एवढे बोलून त्यांनी अंगणात गोणपाट अंथरले आणि पाने मांडले.

या इंजिनात दोन प्रकारचे पट्टे आहेत. बाहेर दिसणारा पट्टा अल्टरनेटर आणि पाण्याचा पंप फिरवतो. त्याचे घराणे जुने आहे. गिरणगावातल्या गिरण्यांत छतालगतच्या लांब शाफ्टवरून चामडी पट्टे खाली यंत्रांपर्यंत येत, तो त्याचा पूर्वज. मोटारीतही सुरुवातीला चामडे आणि दोर वापरले जात. १९१७ साली अमेरिकेत डेन्व्हर येथे जॉन गेट्स यांनी पाचरीच्या आकाराचा रबरी पट्टा तयार केला आणि चामड्याचे दिवस संपत आले. हा पट्टा बदलणे सोपे. बॅटरीची ऋण तार सोडवायची, अल्टरनेटरचे बोल्ट ढिले करून तो इंजिनाकडे ढकलायचा, जुना पट्टा काढून नवा चढवायचा आणि अल्टरनेटर पुन्हा बाहेर ताणून बोल्ट आवळायचे. “अंगठ्याने दाब. थोडा दबला पाहिजे, पण लोंबता कामा नये,” हे काकांचे मोजमाप.

आतला पट्टा, म्हणजे टायमिंग बेल्ट, वेगळ्या जातीचा आहे. क्रँकशाफ्टचे दोन फेरे होतात तेव्हा कॅमशाफ्टचा नेमका एक व्हावा लागतो, तरच व्हॉल्व्ह वेळेवर उघडतात आणि मिटतात. गिरणीतला पट्टा थोडा घसरला तर बिघडत नसे. येथे एका दाताचीही चूक चालत नाही. म्हणून या पट्ट्याला दात आहेत. गंमत अशी, की त्याचा जन्म मोटारीसाठी झालाच नाही. १९४०च्या दशकात अमेरिकेतील गिल्मर कंपनीने असा पट्टा विकसित केला तो शिलाई यंत्रासाठी, सुई आणि खालची बॉबिन यांचा मेळ राखण्यासाठी. १९५०च्या दशकात कॅलिफोर्नियाच्या बिल डेव्हिन यांनी तो शर्यतीच्या गाडीत बसवून पाहिला.

सर्वसामान्य ग्राहकाच्या गाडीत तो आणण्याचे धाडस मात्र कोणा बलाढ्य कंपनीने केले नाही. बव्हेरियातील डिंगोलफिंग या गावी हान्स ग्लास यांचा कारखाना होता. मूळ धंदा पेरणीयंत्रांसारख्या शेतीच्या अवजारांचा, पुढे स्कूटर, मग चिमुकल्या मोटारी. या कारखान्याने १९६२ मध्ये ‘ग्लास १००४’ बाजारात आणली. कॅमशाफ्ट दातेरी पट्ट्याने फिरवणारी ती पहिली घाऊक उत्पादनाची मोटार. चारच वर्षांत हा कारखाना बीएमडब्ल्यूने विकत घेतला, आणि आज ग्लासचे नाव जुन्या गाड्यांचे शौकीन सोडले तर कोणी घेत नाही. त्याच १९६६ साली फियाटच्या १२४ स्पोर्टमध्ये आउरेलिओ लाम्प्रेदी यांचे पट्ट्याचे इंजिन आले. लाम्प्रेदी हे पूर्वी फेरारीत होते. युरोपभर पट्टा रूढ झाला तो त्यानंतर.

असे का झाले? साखळीला तेल लागते, बंदिस्त घर लागते, शिवाय ती आवाज करते. रबर आणि काचतंतूंचा पट्टा हलका, स्वस्त, शांत आणि कोरडा. त्याचे आयुष्य मात्र मोजके. ठरावीक किलोमीटर किंवा ठरावीक वर्षे, यांपैकी जे आधी भरेल तेव्हा तो बदलावाच लागतो. माझ्या मते खरा बदल येथे आहे. कारखान्याचा खर्च वाचला आणि लक्षात ठेवण्याचे काम मालकाच्या गळ्यात पडले.

कुर्ल्याला तयार होणाऱ्या प्रीमियर पद्मिनीत साखळी होती, अ‍ॅम्बेसेडरमध्येही साखळीच. त्या गाड्या इतर कारणांनी वारंवार उघडाव्या लागत, हे खरे. पण आतल्या तारखेची चिंता नसे. डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० आली आणि पट्ट्याचे इंजिन मध्यमवर्गाच्या दारात उभे राहिले. ही गाडी दुसऱ्या, तिसऱ्या मालकाकडे जात राहिली. गाडीचे कागद हस्तांतरित झाले, पट्ट्याची तारीख झाली नाही.

अंगणात दुपार झाली होती. इंजिन आडवे बसवलेले, त्यामुळे पट्ट्याची बाजू मडगार्डकडे आणि हात शिरायला जागा जेमतेम. पद्मिनीचे इंजिन उभे, समोरून मोकळे. काकांनी तिची आठवण दोनदा काढली. पुली आणि झाकण काढल्यावर त्यांनी क्रँक हाताने फिरवून दोन्ही पुलींवरच्या खुणा जुळवल्या आणि मला बजावले, “आता पट्टा उतरला की काहीही फिरवायचं नाही.” जुना पट्टा उलटा दुमडून उन्हात धरला, तर दातांच्या मुळाशी केसाएवढ्या बारीक चिरा. चिठ्ठीने लपवलेले वय पट्ट्याने सांगितले. नवा चढवून, ताण देऊन काकांनी क्रँक पूर्ण दोन फेरे हाताने फिरवला. खुणा पुन्हा समोरासमोर आल्या, तेव्हा कुठे चहा झाला.

कालचक्र पाहा. २००८ मध्ये मारुतीचे के-मालिकेतील इंजिन ए-स्टारमधून आले, त्यात पुन्हा साखळी होती. तीही अमर नाही. तेल वेळेवर बदलले नाही तर ती सैलावते. जानेवारी २०१४ मध्ये ८००चे उत्पादन थांबले.

संध्याकाळी मी जुन्या चिठ्ठीशेजारी नवी चिकटवली. किलोमीटर लिहिले, दिनांक लिहिला, वर्ष चार अंकी. काका म्हणाले, “खाली सही पण कर.”