‘राजा हरिश्चंद्र’ची रिळे: सन १९१३ की १९१७?

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. त्यातील काही क्षणांची दृश्ये आज आपल्या मोबाइलवर फिरतात आणि खाली बेधडक ‘१९१३’ लिहिलेले असते. मात्र त्या सनाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत.

मूळ चित्रपट चार रिळांचा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यांपैकी पहिले आणि शेवटचे, एवढीच दोन रिळे आहेत. मूळ प्रत बैलगाडीतून गावोगाव नेताना उष्णतेने नष्ट झाली, असे सांगितले जाते. १९१७ मध्ये फाळक्यांनी हीच कथा ‘सत्यवादी राजा हरिश्चंद्र’ या नावाने पुन्हा चित्रित केली. उरलेली रिळे या दुसऱ्या चित्रपटाची असावीत, असे काही इतिहासकार मानतात. ताम्रपट अस्सल की नंतरची नक्कल, हा वाद ज्यांना ठाऊक आहे त्यांना यात नवल वाटणार नाही.

ही रिळे हाती लागली ती पी. के. नायर यांच्या चिकाटीमुळे. संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले आणि पुढच्याच वर्षी नायर तेथे रुजू झाले. तोवर मूकपटांचा बहुतांश वारसा संपलेला होता. त्या काळची नायट्रेट फिल्म झटकन पेट घेई; शिवाय तिच्यातील चांदीसाठी जुनी रिळे भंगारात विकली जात. ‘कालिया मर्दन’ (१९१९) नायर यांना तुकड्यांतुकड्यांत मिळाला. ते तुकडे त्यांनी फाळक्यांच्या टिपणवहीच्या आधारे क्रमाने लावले. माझ्या मते हे काम बखरीचे पाठ जुळवण्याइतकेच विद्वत्तेचे आहे.

हरिश्चंद्राची कथा १९३२ मध्ये प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’तून बोलू लागली. १९१३ मध्ये तारामती झाले होते अण्णा साळुंके. आता ती भूमिका दुर्गाबाई खोटे यांनी केली. दुर्गाबाई उतारवयात रायगडच्या किनाऱ्यावर, अलिबागला राहिल्या. त्यांचा हा बोलपट आपण आजही पाहू शकतो. त्याच्या वर्षभर आधीच्या ‘आलम आरा’ची मात्र एकही प्रत ज्ञात नाही. अलिबागसारखी दमट, खारी हवा फिल्मची वैरीण. नायट्रेटनंतर आलेली ॲसिटेट फिल्म पेटत नसली, तरी उष्म्याने आणि ओलाव्याने कुजते. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस वास आला, की क्षय सुरू झाला असे जाणकार ओळखतो.

संग्रहालयाचा कारभारही निर्वेध नव्हता. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट रिळांचा मोठा साठा भस्मसात झाला.

एखाद्या माहितीपटासाठी जुने दृश्य हवे असेल, तर आधी रीळ हाताने उलगडून तपासतात. आकसलेली फिल्म, फाटलेली छिद्रे, सुटलेले जोड दुरुस्त करतात. मग सफाई आणि शेवटी स्कॅनिंग. प्रत संग्रहालयाकडे असली तरी हक्क अनेकदा दुसऱ्याकडे असतात, म्हणून त्याची परवानगी वेगळी घ्यावी लागते. या साऱ्यातून दृश्य बाहेर पडते तेव्हा सोबत नोंदीतला सन जातो, आणि पुढे प्रत्येक जण तोच उतरवून घेतो.