घोड्याची वंशावळ आणि मोतद्दाराचे नाव

कामगार संघटनेचे काम करणाऱ्या माणसाने रेसच्या घोड्यांवर बोलावे याचे काही श्रोत्यांस नवल वाटेल. रेस म्हणजे श्रीमंतांचा षोक आणि गरिबांचा जुगार, एवढीच या विषयाची ओळख आपल्या पेठांतून आहे. रेसपायी बुडालेली घरे आम्हीही पाहिली आहेत, तेव्हा त्या बाजूची वकिली करण्याचा आमचा मुळीच इरादा नाही. परंतु जी गोष्ट आपल्याच गावच्या लष्कर भागात १८३० च्या सुमारापासून चालत आली आहे, तिच्याकडे नाक मुरडून पाठ फिरविली की तिचा इतिहास दुसऱ्यांच्या हाती जातो. तो आजवर तसाच गेला आहे. मालकांनी आणि क्लबांनी तो लिहिला आहे, आणि त्यात घोडे पुष्कळ असून माणसे थोडी आहेत.

घोडा आपल्याला परका नव्हे. भीमेच्या काठच्या भीमथडी तट्टांवर मराठ्यांच्या फौजा दूरवर दौडल्या. शिरूर तालुक्यातील आलेगावच्या नावापुढे ‘पागा’ हा शब्द अजून लागतो. त्या काळच्या घोडदळात दोन प्रकारचे स्वार असत, हे शाळेत सर्वांनीच वाचलेले असते. स्वतःचा घोडा घेऊन चाकरीस येणारा तो शिलेदार, आणि सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर. आमच्या भाषेत सांगायचे तर एकाचे हत्यार त्याचे स्वतःचे होते आणि दुसऱ्याचे धन्याचे होते. हा भेद श्रोत्यांनी ध्यानात ठेवावा, पुढे तो कामास येईल. भीमथडी घोडा नामशेष झाला असे पुस्तकांतून लिहिले जात असे. पण तो पुणे, सातारा, सोलापूर, नगर या भागांत धनगरांच्या वाड्यांबरोबर बिऱ्हाड पाठीवर घेऊन हिंडतच होता, आणि अलीकडे सरकारी दप्तरात त्याची स्वतंत्र जात म्हणून नोंदही झाली.

शर्यतीचा घोडा मात्र निराळा. त्याला थरोब्रेड म्हणतात, आणि ही जात इंग्लंडात सतराव्या-अठराव्या शतकांत तयार झाली. गंमत अशी की इंग्रजांच्या या अभिमानाच्या वस्तूचे रक्त पूर्वेकडचे आहे. जगातल्या प्रत्येक थरोब्रेडचा बाप, त्याचा बाप, त्याचाही बाप असे मागे मागे जात राहिले, तर आपण तीनच घोड्यांपाशी येऊन पोहोचतो: बायर्ली टर्क, डार्ली अरेबियन आणि गोडॉल्फिन अरेबियन. यांपैकी डार्ली अरेबियन हा १७०४ साली सीरियातील अलेप्पो शहरातून विलायतेस नेला गेला. पुढे वेदर्बी घराण्याने या घोड्यांच्या वंशावळीचे पुस्तक काढले. १७९१ साली त्याचा प्रास्ताविक भाग निघाला व १७९३ साली पहिला खंड. आई-बाप पुस्तकात असतील तरच शिंगराला पुस्तकात जागा, असा हा कारभार आहे. आपल्याकडच्या कुलकर्ण्यांनी कितीही चोख दप्तरे ठेवली असली तरी एवढी सलग वंशावळ फारच थोड्या माणसांची मिळेल. हिंदुस्थानातील थरोब्रेडांचेही असेच पुस्तक आहे, आणि ते ठेवणारी कचेरी आपल्या पुण्यातच आहे, ही गोष्ट बहुतेक पुणेकरांच्या गावीही नसते.

मुंबईस शर्यती प्रथम भायखळ्याच्या माळावर होत. इराणच्या आखातातून गलबतांनी अरबी घोडे मुंबई बंदरात उतरत. सौदागरांच्या तबेल्यांतून ते पलटणींसाठी आणि शर्यतींसाठी विकले जात. ऑस्ट्रेलियातून ‘वेलर’ घोडे येत. १८८३ साली महालक्ष्मीच्या दलदलीच्या सखल जमिनीवर नवे मैदान तयार झाले, आणि त्याच्या आसपास पाहता पाहता गिरण्यांची धुराडी उभी राहिली. पुण्याचा हंगाम पावसाळ्यात का, असे पुष्कळजण विचारतात. याचे उत्तर साहेबाच्या दप्तरात आहे. मुंबई इलाख्याचा गव्हर्नर पावसाळ्यात पुण्यास राहावयास येई. त्याच्यामागे कचेऱ्या, कचेऱ्यांमागे सरदार, संस्थानिक आणि शेठ, आणि त्यांच्यामागे घोडे. गव्हर्नराची ती फेरी केव्हाच संपली, तरी जुलै ते ऑक्टोबर पुणे आणि नोव्हेंबरपासून उन्हाळ्यापर्यंत मुंबई, हा घोड्यांचा पायंडा पडून राहिला.

या मैदानांवर मोठमोठी माणसे वावरली. तिसऱ्या आगाखानांच्या नावाने त्यांच्या लहानपणापासून इकडे घोडे धावत. पुढे त्यांनीच विलायतेतील डर्बी पाच वेळा जिंकली. पण आम्हांला अधिक आठवण होते ती सर व्हिक्टर ससून यांची. हे गृहस्थ मुंबईत मोठ्या गिरण्यांचे मालक. शर्यतीच्या जगात ‘मिस्टर ईव्ह’ या नावाने ते घोडे पळवीत. कायदेमंडळात गिरणीमालकांचे प्रतिनिधी म्हणून बसत. १९२८ साली मुंबईचे गिरणी कामगार सहा महिने संपावर होते, आणि दुसऱ्याच वर्षी सरकारने कामगारांच्या स्थितीची चौकशी करण्यास जे रॉयल कमिशन नेमले, त्यावर सर व्हिक्टर होते. त्याच टेबलाशी आपले ना. म. जोशीही बसले होते. कमिशनची कक्षा कारखाने, खाणी, रेल्वे, मळे अशी होती. तबेल्याचा तीत समावेश नव्हता. मिस्टर ईव्हच्या घोड्यांना खरारा करणारा मोतद्दार कामगार आहे की नाही हा प्रश्न त्या टेबलावर आलाच नाही, आणि त्याबद्दल एकट्या ससूनना दोष देणे बरोबर होणार नाही. तो प्रश्न आमच्या बाजूच्या लोकांनीही फार काळ काढला नाही.

लढाईच्या दिवसांत, १९४३ साली, महालक्ष्मीस पहिली इंडियन डर्बी झाली. ती ‘प्रिन्सेस ब्यूटिफुल’ या घोडीने जिंकली. स्वातंत्र्यानंतर परदेशी घोडे आणण्यावर निर्बंध आले, अरबी घोड्यांच्या शर्यती मागे पडल्या आणि देशी पैदाशीचे महत्त्व वाढले. पुण्याच्या आसपास पैदाशीचे मळे निघाले. त्यातून एक गोष्ट अशी घडली की जिचा शर्यतीशी संबंध कोणास सुचणार नाही. शर्यतीतून बाद झालेले घोडे परळच्या हाफकिन संस्थेस देत. तेथे त्यांच्या रक्तापासून सर्पदंश व धनुर्वातावरची लस तयार होई. हे पाहून पूनावाला या पैदासकारांच्या घराण्याने १९६६ साली पुण्यात सिरम इन्स्टिट्यूट काढली. ज्या मैदानावर पैजा लागतात त्याच्याच उरल्यासुरल्यातून साप चावलेल्या शेतकऱ्याचा जीव वाचावा, हा योगायोग मजेचा खरा.

आता मोतद्दाराकडे येऊ. त्याचा दिवस पहाटे सूर्याच्या आधी सुरू होतो. ठाण झाडणे, लीद काढणे, खरारा, मालीश, पायांच्या पट्ट्या, नालेची पाहणी, मग धावपट्टीवर नेणे, घाम निथळला की फिरवून थंड करणे, वैरण, दाणा. घोडा एक घास कमी खाईल तर ते आधी त्याला कळते. डॉक्टराला मागाहून. जॉकीचे नाव फलकावर लागते. पांडू खाडे, शामू चव्हाण, वसंत शिंदे या नावांनी आपल्या मुलखाची माणसेही त्या फलकावर मानाने चढली, आणि त्याचा आम्हांला आनंद आहे. तबेल्यातल्या माणसाचे नाव तेथे कोठेच येत नाही. थरोब्रेडचा खरा जन्मदिवस पुस्तकात असतोच, शिवाय शर्यतीच्या हिशेबासाठी त्या सर्वांचे वय १ जानेवारीला एकदम वाढते. आमच्या ओळखीच्या मोतद्दारांपैकी निम्म्यांचा जन्म १ जूनचा आहे, कारण शाळामास्तरांनी तसा लावून दिला.

अशा एका मोतद्दाराला बिथरलेल्या घोड्याने लाथ मारली आणि मांडीचे हाड मोडले. गावाचे व संस्थेचे नाव आम्ही घेत नाही. खर्च कोणी द्यायचा म्हणून आम्ही विचारावयास गेलो. ट्रेनर म्हणाला, घोडा मालकाचा आहे. मालक म्हणाला, माणूस ट्रेनरने ठेवला आहे. क्लब म्हणाला, आमचे फक्त मैदान. तिघेही आपापल्या परीने खरे बोलत होते, कारण रीतच तशी आहे: घोडा एकाचा, नोकरी दुसऱ्याची आणि जागा तिसऱ्याची. बारगिराला निदान आपला धनी कोण हे ठाऊक असे.

कायद्याने या बाबतीत कशी पावले टाकली ते पाहण्यासारखे आहे. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने मद्रासच्या खटल्यात निकाल दिला की घोड्यांची शर्यत हा जुगार नसून कौशल्याचा खेळ आहे. का, तर निकाल केवळ दैवावर अवलंबून नसतो. घोड्याची पैदास, त्याची तालीम, स्वाराचे कसब यांवर तो ठरतो. म्हणजे जेथे धंद्यावरचा जुगाराचा आळ काढायचा होता तेथे तालमीचे मोल कोर्टासमोर मोठ्या आवाजात मांडले गेले. परंतु त्याच मैदानांवर राबणाऱ्यांना राज्य कामगार विमा लागू करण्याची वेळ आली, तेव्हा क्लब कोर्टात उभे राहून सांगू लागले की आम्ही कारखाना नव्हे आणि दुकानही नव्हे. २०१४ साली बंगलोरच्या क्लबाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की विम्याच्या कायद्यापुरता रेसचा क्लब हे दुकानच आहे. यापूर्वी जयपूरच्या एका बँडवाल्या पथकाला न्यायालयाने दुकान ठरविले होते, त्या मानाने रेसकोर्स तर केवढे मोठे दुकान! २०१६ साली आपल्या पश्चिम भारताच्या क्लबाच्या खटल्यात असेही ठरले की केवळ शर्यतीच्या दिवसापुरते बोलावलेले हंगामी कामगारही या विम्यात येतात. १९४८ चा कायदा त्यांच्यापर्यंत पोहोचावयास इतकी वर्षे लागली. आणि श्रोत्यांनी नीट लक्ष द्यावे, हे निकाल क्लबाच्या नोकरांपुरते झाले. ट्रेनरच्या हाताखालच्या मोतद्दारासाठी अजून एकेका तबेल्याशी स्वतंत्र भांडावे लागते.

२०२४ साली महालक्ष्मीच्या २११ एकरांपैकी १२० एकर महापालिकेकडे बागेसाठी गेले आणि ९१ एकर नव्या भाडेपट्ट्याने क्लबाकडे राहिले. वर्तमानपत्रांत त्यावर रकानेच्या रकाने आले. झाडे, मोकळी हवा, बिल्डर, वारसा, सर्व बाजूंनी चर्चा झाली, आणि ती व्हावयासच हवी होती. आमच्याकडे आलेली माणसे विचारीत होती ती गोष्ट साधी होती. हंगाम पालटला की घोड्याबरोबर त्यांनाही मुंबईहून पुण्यास आणि पुण्याहून मुंबईस जावे लागते. घोड्यासाठी ठाण आधी राखून ठेवलेले असते. त्यांची मुले मात्र जूनमध्ये एका गावच्या शाळेत बसतात आणि दिवाळीनंतर दुसऱ्या गावच्या शाळेच्या दारात उभी राहतात. दोन्ही गावांच्या शाळांनी वर्षाच्या मध्यावर विनातक्रार प्रवेश द्यावा असा अर्ज आम्ही लिहून दिला आहे. त्यावर सह्यांपेक्षा अंगठे अधिक आहेत.