चित्रपट आणि कारागिराचा हात

‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी दादासाहेब फाळके यांनी कोणता चित्रपट केला, असे विचारले तर आपल्यापैकी पुष्कळांना उत्तर सुचणार नाही. तो होता वाटाण्याच्या अंकुराचा. 1912 साली कुंडीतील रोपाची थोड्या थोड्या अवधीने एकेक छायाचित्रे घेऊन त्यांनी ‘अंकुराची वाढ’ हा लघुपट सिद्ध केला. कित्येक दिवसांची वाढ पडद्यावर काही क्षणांत घडली. ती पाहूनच हरिश्चंद्रासाठी कर्जाऊ पैसा मिळाला.

या घटनेचा अर्थ पुरता ध्यानी घेतला गेला नाही, असे आम्हांस वाटते. कथा सांगण्याआधी फाळक्यांनी एक क्रिया दाखविली, आणि पुढेही ही वाट सोडली नाही. लोकांच्या एकेका पैशातून उभ्या राहिलेल्या तळेगावच्या काच-कारखान्याचे त्यांनी चित्रण केले. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या 1917 च्या लघुपटात तर आपलाच धंदा उघडून दाखविला. त्याचा जो अंश उरला आहे, त्यात फाळके स्वतः काम करताना दिसतात. कागदावरच्या चरित्रात हे दर्शन मिळत नाही.

1948 साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले, आणि त्याच वर्षी सप्टेंबरात मराठवाडा निजामी राजवटीतून मुक्त झाला. पुढे कित्येक वर्षे मुख्य खेळाआधी माहितीपट दाखविणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. धरणे, गिरण्या, दूरदेशीचे कारागीर असे आपल्या गावच्या पडद्यावर आले.

पण घरचा कारागीर? राष्ट्रध्वजाचेच पाहा. त्याची खादी लातूर जिल्ह्यातील उदगीरला विणली जाते. ध्वज नांदेडला मराठवाडा खादी ग्रामोद्योग समितीत तयार होतात. लांबी-रुंदीचे प्रमाण तीनास दोन, चक्राचे आरे चोवीस, आणि दोन्ही बाजूंची चक्रे एकमेकांवर तंतोतंत बसली पाहिजेत. एवढे शब्दांत सांगता येते. परंतु सुताचा ताण विणकराच्या बोटाला कसा कळतो, हे सांगता येत नाही. ते पाहावेच लागते.

कंधारचा किल्ला, जुने शिलालेख आपण अभिमानाने दाखवितो. कसबाचा शिलालेख कोणी कोरीत नाही. हात थांबला की तेही थांबते. आज चित्रण करण्याचे साधन ज्याच्या त्याच्या खिशात आहे. तेव्हा माग चालू आहे तोवर त्याच्यापाशी जाऊन बसावे, एवढेच आमचे सांगणे आहे.