१२ सप्टेंबर : जयकिशन आणि भारतीय जॅझची तबकडी

शंकर-जयकिशन या संगीतकार जोडीतले जयकिशन १९७१ साली आजच्या दिवशी मुंबईत निवर्तले. वय अवघे ४१. ‘बरसात’पासूनची त्यांची गाणी घरोघरी पाठ आहेत. पण आज आठवण काढायला हवी ती गाण्यांविना निघालेल्या या जोडीच्या तबकडीची. एचएमव्हीने १९६८ साली काढलेली ‘रागा जॅझ स्टाइल’ ही भारतात ध्वनिमुद्रित झालेल्या, राग आणि जॅझ यांचा मेळ घालणाऱ्या सुरुवातीच्या तबकड्यांपैकी एक.

जॅझमध्ये बहुधा पियानो, बास आणि ड्रम या त्रयीवर सारा डोलारा उभा राहतो. इथेही तसेच आहे. पियानोवर ल्युसिला पाशेको, बासवर एडी ट्रॅव्हर्स, ड्रमवर लेस्ली गोदिन्हो. त्यांच्यासोबत रईस खाँची सतार, रमाकांत यांचा तबला आणि मनोहारी सिंग यांचा सॅक्सोफोन. पियानोच्या पट्टीतून मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड सरकणे, निघत नाही, स्वर जागचा हलत नाही. ती उणीव सतार भरून काढते, आणि तिथेच ही तबकडी खुलते. चित्रपटांच्या वाद्यवृंदांत वाजवणाऱ्या या कलावंतांची नावे पडद्यावर क्वचितच झळकत. म्हणूनच ही तबकडी मोलाची.

तोडीने सुरू होऊन मालकंस, मियाँ मल्हार, शिवरंजनी असे एकूण ११ राग त्यात येतात. शेवट भैरवीने. भजनाची सांगता भैरवीने ऐकत आलेल्यांनी ती जरूर ऐकावी. सूर ओळखीचे वाटतील, चाल मात्र अगदी निराळी.