भिंती नसलेले विद्यापीठ : काशीच्या घाटांवरील एक श्रवणयात्रा

सुवर्णमहोत्सव हा मागे वळून पाहण्याचा प्रसंग असतो. आपल्या मंडळाने पन्नास वर्षे पूर्ण केली, याचा आनंद प्रत्येक सभासदाला आहे. परंतु मागे वळून पाहताना आपली दृष्टी पन्नास वर्षांपाशीच का थांबावी? घरापासून शेकडो कोस दूर जाऊन, परभाषेच्या प्रदेशात संसार थाटणारे आपणच पहिले मराठी लोक नव्हे. आपल्या आधी चार-साडेचार शतके काही मराठी कुटुंबे अशीच निघाली आणि एका प्राचीन नगरीत जाऊन राहिली. त्यांची कथा या निमित्ताने सांगावी, असे मनात आले. मी व्यवसायाने इतिहासकार नव्हे. बी.ए.ला इतिहास घेतला होता, एवढीच माझी पात्रता. त्यानंतरची तीस वर्षे केंद्र सरकारच्या नोकरीत फायलींचा इतिहास वाचण्यात गेली. तेव्हा काही उणे राहिल्यास वाचकांनी सांभाळून घ्यावे.

या लेखाचा उगम मात्र काशीत नव्हे, स्पेनमध्ये आहे. माझा भाचा कामानिमित्त तिकडे गेला असता सालामांका नावाचे गाव पाहून आला. तोर्मेस नदीकाठचे हे गाव म्हणजे एक विद्यापीठच होय. लेऑनचा राजा नववा आल्फोन्सो याने १२१८ मध्ये त्या विद्यापीठाची स्थापना केली आणि २०१८ मध्ये त्याला आठशे वर्षे झाली. सोनेरी झाक असलेल्या दगडाच्या त्या इमारती, जुन्या विद्यार्थ्यांनी पदवी मिळाल्यावर भिंतींवर लाल रंगात लिहिलेली विजयचिन्हे, प्रवेशद्वाराच्या कोरीव कामात कवटीवर बसलेला तो प्रसिद्ध बेडूक, आणि तो बेडूक ज्याला आपोआप दिसेल तो परीक्षेत उत्तीर्ण होतो ही तेथील विद्यार्थ्यांची समजूत, हे सारे त्याने मोठ्या उत्साहाने सांगितले. बरोबर वाटाड्या नव्हता. मोबाईलमध्ये ध्वनिमुद्रित निवेदन होते. कानाला यंत्र लावायचे, एका चौकात उभे राहायचे, तेथील हकीकत ऐकायची आणि पुढे चालू लागायचे.

ते ऐकून माझ्या मनात आले, की आपल्याकडे असे विद्यानगर कोणते? उत्तर शोधावे लागले नाही. आणि त्या नगरीतील मराठी माणसांची हकीकत सांगणारा आवाज कोठे तयार मिळणार नाही, हेही लक्षात आले. मग तो मीच तयार केला. वर्षानुवर्षे काढून ठेवलेली टिपणे एकत्र केली आणि सेक्टर ६ मधील आमच्या क्वार्टरमध्ये, रात्री पंखा बंद करून, मोबाईलवर माझ्याच आवाजात नऊ भाग ध्वनिमुद्रित केले. आमच्या सौभाग्यवतींनी ‘आता घरात भाषणेही सुरू झाली’ असा शेरा मारला. पण गेल्या हिवाळ्यात दुर्गहून सारनाथ एक्सप्रेसने आम्ही दोघे निघालो, तेव्हा दुसरे यंत्र त्यांच्याही कानाला होते.

नागपूरकरांच्या पायऱ्या

आमच्या फेरीचा आरंभ मुन्शी घाटापासून झाला. हा घाट नागपूर दरबारातील श्रीधर नारायण मुन्शी यांनी बांधविला. त्याच्या लगत अहिल्याबाई होळकरांचा घाट. औरंगजेबाच्या आज्ञेने १६६९ मध्ये पाडले गेलेले विश्वनाथाचे देवालय अहिल्याबाईंनी १७८० च्या सुमारास पुन्हा उभे केले, हे सर्वांस ठाऊक आहे. १३ डिसेंबर २०२१ रोजी मंदिराचा नवा विस्तृत परिसर खुला झाला. तेथे आता अहिल्याबाईंचा पुतळाही आहे.

दशाश्वमेध, मानमंदिर आणि मणिकर्णिका ओलांडून उत्तरेस गेले, की ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यांचे नाव सांगणारा शिंदे घाट लागतो. त्याच्या पायथ्याशी रत्नेश्वराचे देऊळ नदीकडे कलून उभे आहे. थोडे पुढे भोसले घाट. नागपूरकर भोसल्यांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधलेल्या या उंच, भक्कम घाटापाशी आम्ही बराच वेळ बसलो. कारण आपण आज ज्या भूमीवर राहतो ती छत्तीसगडची भूमी त्याच भोसल्यांच्या राज्यात होती. १७४१ मध्ये भास्करपंतांची फौज रतनपुरावर आली. १७५८ पासून १७८७ पर्यंत बिंबाजी भोसले रतनपुरास राहून कारभार पाहत होते. आणि १८५४ मध्ये नागपूरचे राज्य इंग्रजांनी खालसा केले तेव्हा हा मुलूखही गेला. भोसल्यांच्या घाटाच्या दगडांत छत्तीसगडच्या शेतकऱ्याने भरलेल्या साऱ्याचा काही अंश असलाच पाहिजे. त्या पायऱ्या आपल्याला अगदीच परक्या नाहीत.

पैठणहून आलेले घराणे

परंतु घाट बांधणारे हे सरदार पुष्कळ उशिरा आले. त्यांच्या आधी दोन-अडीचशे वर्षे मराठी माणूस काशीत स्थिरावला होता, तो तलवार घेऊन नव्हे, पोथी घेऊन.

पैठणचे रामेश्वरभट्ट विजयनगर, द्वारका अशी भ्रमंती करून सोळाव्या शतकाच्या पूर्वार्धात काशीस आले. त्यांचे पुत्र नारायणभट्ट यांचा जन्म १५१३ चा. योगायोग असा, की त्याच वर्षी सालामांकाच्या नव्या कॅथेड्रलचे बांधकाम सुरू झाले. नारायणभट्टांनी काशी, प्रयाग व गया या तीर्थांवर ‘त्रिस्थळीसेतु’ हा ग्रंथ लिहिला आणि तोडरमलाच्या साहाय्याने विश्वेश्वराचे देवालय उभारले. तेच पुढे १६६९ मध्ये पडले. काशीच्या विद्वत्सभेत अग्रपूजेचा मान या घराण्याकडे आला. त्यांचे पुत्र शंकरभट्ट यांनी घराण्याचा वृत्तांत संस्कृतात लिहून ठेवला, म्हणून आज आपल्याला हे सारे कळते. लिहून ठेवण्याचे महत्त्व येथे ध्यानात येते.

पुढची पिढी आणखी थोर निघाली. नारायणभट्टांचे नातू कमलाकरभट्ट यांनी १६१२ मध्ये ‘निर्णयसिंधु’ पुरा केला. एकादशी आज की उद्या, या वादात आपल्या आजोबा-पणजोबांच्या घरी शेवटचा शब्द याच ग्रंथाचा असे. दुसरे नातू नीलकंठभट्ट. त्यांचा ‘व्यवहारमयूख’ तर इंग्रजी अमदानीतील न्यायालयात जाऊन बसला. गुजरात, मुंबई बेट व उत्तर कोकण येथील वारसाहक्काच्या दाव्यांत मिताक्षरेपेक्षाही त्याचा शब्द वरचढ मानला जाई. आणि नारायणभट्टांचे पणतू म्हणजे विश्वेश्वर ऊर्फ गागाभट्ट, ज्यांनी ६ जून १६७४ रोजी रायगडावर शिवछत्रपतींना राज्याभिषेक केला. पैठणहून निघालेले घराणे दीडशे वर्षांनी महाराष्ट्रात परतले, ते महाराष्ट्राला सिंहासन देण्यासाठी.

येथे वाचक विचारतील, की या विद्यापीठाची इमारत कोणती? इमारत नव्हतीच! बर्निए नावाचा फ्रेंच वैद्य त्या काळी मोगल दरबारात होता. १६६७ च्या एका पत्रात त्याने काशीला हिंदुस्थानचे अथेन्स मानले आहे. त्याने नोंदविले आहे, की युरोपातल्यासारखी महाविद्यालये वा ठरलेले वर्ग येथे नाहीत. गुरू आपापल्या घरी, किंवा सावकारांच्या उपनगरातील बागांत शिकवितात. कोणापाशी चार शिष्य, कोणापाशी सहा-सात, फार नामांकित असेल त्याच्यापाशी बारा-पंधरा. आणि हे शिष्य दहा-बारा वर्षे गुरूपाशी राहतात. त्याने ज्या पंडितश्रेष्ठाच्या ग्रंथालयात बसून चर्चा केली, ते कवीन्द्राचार्य सरस्वती असावेत असे अभ्यासक मानतात. हे संन्यासीही मूळ गोदातीरीचे. काशी-प्रयागच्या यात्रेकरूंवरील कर शाहजहानकडून त्यांनी माफ करून घेतला. त्यांच्या ग्रंथसंग्रहाची यादी पुढे १९२१ मध्ये बडोद्याहून प्रसिद्ध झाली.

सालामांकाचे विद्यापीठ दगडात आहे, काशीचे माणसांत होते. म्हणून ते पाहता येत नाही, ऐकावे लागते.

पंचगंगेपासून दुर्गाघाटापर्यंत

पंचगंगा घाटावर माझ्या ध्वनिमुद्रणाचा सातवा भाग सुरू झाला. त्यात एकनाथमहाराजांची हकीकत होती. नाथही पैठणचेच. त्यांनी आपले मराठी भागवत १५७३ मध्ये काशीत पूर्ण केले. मराठीत शास्त्र सांगतो म्हणून तेथील पंडितांनी प्रथम विरोध केला आणि अखेर ग्रंथाची मिरवणूक काढली, ही परंपरेने चालत आलेली कथा आपण लहानपणी ऐकलेली आहे. एका गोष्टीकडे मात्र सहसा कोणाचे लक्ष जात नाही. १५७३ मध्ये नारायणभट्ट साठीचे होते आणि काशीच्या विद्वानांचे अग्रणी होते. म्हणजे एकाच गावची दोन माणसे एकाच नगरीत, एकाच नदीकाठी होती. एक संस्कृतात सांगत होता आणि दुसरा मराठीत. नारायणभट्टांनी मराठी माणसाला काशीत मान मिळवून दिला, नाथांनी काशीची विद्या मराठी माणसाच्या घरी पोहोचविली. परमुलखात राहणाऱ्या समाजाला दोन्ही प्रकारची माणसे लागतात.

अठराव्या शतकातील नागोजी भट्ट, आडनाव काळे, यांचे नाव व्याकरण शिकणारा प्रत्येक विद्यार्थी आजही घेतो. त्यांचा ‘परिभाषेन्दुशेखर’ जर्मन पंडित कीलहॉर्न यांनी पुण्याच्या डेक्कन कॉलेजात असताना इंग्रजी भाषांतरासह संपादित केला. १७९१ मध्ये जोनाथन डंकन याने काशीत संस्कृत पाठशाळा स्थापिली; आजचे संपूर्णानंद संस्कृत विश्वविद्यालय ते हेच. पुण्यात जन्मलेले आणि नागपुरात गणिताचे पाठ घेतलेले बापूदेव शास्त्री १८४२ पासून तेथे ज्योतिष व गणित शिकवीत होते. विसाव्या शतकात बाबूराव विष्णु पराडकर या काशीत जन्मलेल्या मराठी गृहस्थांनी ‘आज’ या दैनिकाच्या संपादकपदावरून हिंदी पत्रकारितेला घडविले. आपल्या छत्तीसगडातही माधवराव सप्रे यांनी १९०० मध्ये पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ मित्र’ काढलेच होते. ज्या प्रदेशाने आसरा दिला त्याच्या भाषेची सेवा करणे, हा मराठी माणसाचा जुना धर्म दिसतो.

दुर्गाघाटाच्या गल्लीत एक छोटा प्रसंग घडला. जिना चढताना माझ्या कानातील यंत्राची तार कशातशी अडकून निसटली आणि माझाच आवाज गल्लीत मोठ्याने घुमू लागला. ओशाळून मी मोबाईल बंद करू लागलो, तोच वरच्या पायरीवर बसलेल्या एका वृद्ध बाई म्हणाल्या,

“राहू द्या की! चांगलं सांगतोय कोणीतरी. कुठले म्हणायचे आपण?”

“भिलाईचे, आजी.”

“ते लोखंडाच्या कारखान्याचं? पण मूळचे कुठले?”

मी विदर्भातील माझ्या गावाचे नाव सांगितले आणि त्यांना तोच प्रश्न विचारला. त्या हसल्या.

“मूळचं काही आता राहिलं नाही, बाबा. किती पिढ्या झाल्या ते मोजणारेही गेले. आम्ही इथलेच. पण घरात बोलतो हं! सुना आल्या बनारसच्या, त्याही शिकल्या.”

त्यांच्या मराठीला बनारसी हेल होता. काही शब्द तर मी आजीच्या तोंडूनच ऐकलेले होते. जवळच्या ब्रह्माघाटावर मराठी समाजाचा गणेशोत्सव शंभराहून अधिक वर्षे होत आला आहे. परंतु त्या बाईंनी मला उत्सवाचे सांगितले नाही, घरातले सांगितले.

परतीच्या प्रवासात मी त्याचाच विचार करीत होतो. पेशव्यांचे राज्य १८१८ मध्ये गेले, नागपूरचे १८५४ मध्ये. दक्षिणा आटली, अन्नछत्रे ओस पडली, वाड्यांची मालकी बदलली. आश्रय गेल्यावर पुष्कळ कुटुंबे पांगली असणार. तरीही ज्या घरांत भाषा बोलली गेली तेथे ती उरली.

आपलाही एक आश्रयदाता आहे. २ फेब्रुवारी १९५५ रोजी सोव्हिएट संघाशी करार झाला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. (काशी हिंदू विश्वविद्यालयाची कोनशिलाही ४ फेब्रुवारीचीच, १९१६ ची.) त्या भट्टीच्या उजेडात आपले हे समाजजीवन उभे राहिले. पण येथे आपले वाडे नाहीत, क्वार्टरे आहेत. निवृत्तीचा दिवस आला की किल्ली परत द्यावी लागते. माझाही तो दिवस फार दूर नाही. आपल्या मागे सेक्टर ६ मध्ये आपल्या नावाचा घाट राहणार नाही.

माझ्या मुलीला मराठी वाचायला सांगितले की ती टाळते. अक्षरे हिंदीचीच असल्याने ती अडत नाही. पण जुनी वाक्यरचना तिला जड जाते, आणि मी नेहमी रागावतो. काशीहून परत आल्यावर तिने ते नऊ भाग मागून घेतले आणि दोन रात्रींत ऐकले. तिसऱ्या दिवशी तिने विचारले, “बाबा, आपण विदर्भातून इथे कसे आलो, ते यात का नाही?”

माझ्यापाशी उत्तर नव्हते. चारशे वर्षांपूर्वीच्या भट्टांची वंशावळ मला पाठ होती. माझ्या वडिलांनी गाव का सोडले, ते मी तिला कधी सांगितले नव्हते.

म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने मंडळापुढे एक नम्र सूचना ठेवतो. आपल्यातील जे ज्येष्ठ सभासद प्रारंभीच्या काळात येथे आले, त्यांच्याकडे एकेकाने जावे आणि त्यांच्याच तोंडून, त्यांच्याच मराठीत, ते कसे आले, पहिले घर कोठे मिळाले, पहिला गणपती कोठे बसला, हे ध्वनिमुद्रित करून घ्यावे. यास खर्च नाही. वेळ मात्र थोडा उरला आहे. पुढे कधी आपली नातवंडे भिलाईत आली, तर कानाला यंत्र लावून त्यांनी सेक्टर ६ च्या रस्त्यांवरून चालावे आणि आपले आवाज ऐकावेत.

मी माझा दहावा भाग गेल्या रविवारी ध्वनिमुद्रित केला. तो वडिलांविषयी आहे.