अजगराची लांबी आणि अजगराची ऊब

भूगोलाच्या तासाला बोर्निओ बेटाचे नाव निघाले की वर्गातून एक प्रश्न हमखास येतो. "सर, तिथला अजगर केवढा मोठा असतो?" मी तोंड उघडण्यापूर्वीच उत्तरांचा पाऊस पडू लागतो. कोणी चाळीस फूट म्हणतो, कोणी पन्नास; एखाद्याच्या मामाने तर वाटेवर आडवा पडलेला असा अजगर पाहिलेला असतो, की ज्याचे ना डोके दिसले ना शेपूट. मला हसू येते. परंतु त्या मुलांना मी हसत नाही. कारण गेली सव्वादोन हजार वर्षे राजेरजवाड्यांनी आणि पंडितांनी या प्रश्नाला अशीच उत्तरे दिलेली आहेत. माणसाने प्रचंड सर्प बंदिवासात ठेवले, त्यांचे प्रदर्शन मांडले, आणि फार उशिरा त्यांच्याकडे नीट पाहिले. त्या इतिहासातील काही प्रसंग आज आपल्यापुढे ठेवावयाचे आहेत.

पहिला प्रसंग ईजिप्तमधील आहे. इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात तेथे दुसरा टॉलेमी हा ग्रीक वंशाचा राजा राज्य करीत होता. चमत्कारिक प्राणी आणून देणाऱ्यांस तो मोठी बक्षिसे देई. त्या लोभाने काही शिकारी एका महासर्पाच्या मागे लागले. दिओदोरस या इतिहासकाराने ही कथा सविस्तर लिहून ठेवली आहे. प्रथम त्यांनी दोरांचे फास टाकून पाहिले. तेव्हा सर्पाने एकाला जबड्यात धरले, दुसऱ्याला शेपटीच्या विळख्यात घेतले आणि उरलेले जीव घेऊन पळाले. मग त्यांनी युक्ती योजली. मासे धरण्याच्या टोपलीसारखा एक भला मोठा पिंजरा विणला. सर्प भक्ष्यासाठी बाहेर पडताच त्याचे बीळ दगडमातीने बुजविले, शेजारी दुसरे तोंड खोदून तेथे तो पिंजरा बसविला, आणि धनुर्धारी, घोडेस्वार व रणशिंगे यांच्या गलबल्याने भेदरलेल्या प्राण्याला त्यात शिरावयास लावले. अलेक्झांड्रियात आणल्यावर त्याला अर्धपोटी ठेवण्यात आले. उपासमारीने तो हळूहळू निवळला आणि परदेशांतून येणाऱ्या पाहुण्यांस दाखविण्याचे एक नवल होऊन बसला. दिओदोरस त्याची लांबी तीस हात, म्हणजे पंचेचाळीस फूट सांगतो.

पुढे रोमचा सम्राट ऑगस्टस याने पन्नास हातांचा सर्प लोकांस दाखविल्याचे स्वेतोनियस या चरित्रकाराने नोंदले आहे. पन्नास हात म्हणजे पंचाहत्तर फूट! परंतु याच ऑगस्टसच्या काळातील दुसरी एक नोंद आपल्याला अधिक जवळची आहे. इसवी सनापूर्वी २० च्या सुमारास हिंदुस्थानातून एक शिष्टमंडळ त्याच्या भेटीस निघाले होते. त्यातील मंडळी दमास्कसचा निकोलस या विद्वानास अँटिओकजवळ भेटली, आणि त्याचा वृत्तान्त स्ट्रेबोने आपल्या भूगोलग्रंथात उतरून घेतला. त्या मंडळींबरोबर बारगोसा येथील एक तपस्वी होता. बारगोसा म्हणजे आपल्या बडोद्यापासून जवळच असलेले भडोच, असे सामान्यतः मानले जाते. नजराण्यात नदीतील एक मोठे कासव होते आणि दहा हात लांबीचा एक सर्प होता. दहा हात म्हणजे पंधरा फूट. आपल्या रानातील चांगला वाढलेला अजगर जवळपास एवढाच भरतो. राजधानीतील गाजावाजात सर्प पंचाहत्तर फुटांचा झाला. वाटेत भेटलेल्या माणसांच्या वृत्तान्तात तो पंधरा फुटांचाच राहिला. हा फरक ध्यानात ठेवण्याजोगा आहे.

आता एकदम अठराशे वर्षे पुढे येऊ. युरोपीय जहाजे पूर्वेच्या बेटांवरून जिवंत अजगर नेऊ लागली होती. १८१७ साली 'सीझर' नावाचे जहाज बटाव्हियाहून, म्हणजे आजच्या जाकार्ताहून, इंग्लंडकडे निघाले. त्यावर सुमारे सोळा फुटांचा बोर्निओचा एक अजगर होता. बुडालेल्या 'अल्सेस्त' या युद्धनौकेचा शल्यवैद्य जॉन मॅक्लाउड याच जहाजाने परतत होता. पिंजऱ्यात जिवंत बकरी सोडली असता काय घडले, ते त्याने डोळ्यांत तेल घालून पाहिले आणि लिहिले. बकरीची थरथर, अजगराची झेप, मग आवळला जाणारा विळखा आणि दोन तासांहून अधिक काळ चाललेले गिळणे, हे सारे वाचताना आजही अंगावर काटा येतो. त्या अजगराने इंग्लंडचा किनारा पाहिला नाही. आफ्रिकेचे टोक ओलांडल्यावर, सेंट हेलेना बेट येण्यापूर्वीच तो मेला. अशा प्रवासात किती अजगर मेले असतील, त्याचा हिशेब कोणी ठेवला नाही.

येथपर्यंत अजगर म्हणजे केवळ भय आणि भूक. याच्या पलीकडचे काही पिंजऱ्याजवळ थांबून पाहणाऱ्यांनाच दिसले. लंडनच्या किल्ल्यात, टॉवरमध्ये, त्या काळी राजाचा प्राणिसंग्रह होता. तेथील एका मादीने अंडी घातली आणि ती त्यांच्याभोवती वेटोळे घालून, वर डोके ठेवून बसली. अंडी फुटली नाहीत. पण १८२९ साली छापल्या गेलेल्या एका ग्रंथात तिच्या मातृसुलभ काळजीची नोंद राहिली. पुढच्याच दशकात, हिंदुस्थानात हिंडून आलेल्या लामार-पिको या फ्रेंच प्रवाशाने पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे सांगितले की, अजगराची मादी अंड्यांवर बसते, एवढेच नव्हे तर त्यांना ऊबही देते. विद्वानांनी ते मानले नाही. सर्प हा थंड रक्ताचा प्राणी. त्याच्या अंगी ऊब कोठून यावी?

श्रोतेहो, येथे क्षणभर थांबावेसे वाटते. पंचाहत्तर फुटांचा सर्प ग्रंथांतून शतकानुशतके चालत आला; आणि सर्पाच्या ठायी आईची ऊब असते, हे मात्र कोणाला खरे वाटेना. अचाट गोष्टीवर आपला विश्वास चटकन बसतो. कोमल गोष्टीला मात्र आपण पुरावा मागतो.

तो पुरावा लवकरच मिळाला. १८४१ साली पॅरिसच्या प्राणिसंग्रहालयातील एका अजगराच्या मादीने पंधरा अंडी घातली. व्हालांसिएन या प्राणिशास्त्रज्ञाने तिच्या वेटोळ्यात उष्णतामापक ठेवला. आसपासच्या हवेपेक्षा तेथील उष्णता स्पष्टपणे अधिक भरली. जवळजवळ दोन महिने ती मादी अन्नाला न शिवता, केवळ पाणी पिऊन, अंड्यांवर बसून होती, आणि आठ पिले बाहेर आली. ही ऊब येते कोठून, हे कळण्यास मात्र सव्वाशे वर्षे लागली. १९६६ साली न्यूयॉर्कच्या प्राणिसंग्रहालयात हचिसन, डाउलिंग आणि विनेगार यांनी ब्रह्मदेशी अजगराच्या एका मादीवर प्रयोग करून दाखविले की, गारठा वाढला की ती आपले स्नायू पुनःपुन्हा आकुंचित करते, तिचा श्वसनातील प्राणवायूचा खर्च वाढतो, आणि तिचे शरीर भोवतालच्या हवेपेक्षा साडेचार अंशांहून अधिक तापते. थंडीत आपण कुडकुडतो ते स्वतःच्या उबेसाठी. ती कुडकुडते ती अंड्यांसाठी.

इकडे लांबीचा फुगा मात्र फुटत गेला. अमेरिकेचे अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी तीस फुटांचा जिवंत सर्प आणणाऱ्यास एक हजार डॉलर देऊ केले होते. न्यूयॉर्कच्या प्राणिसंस्थेने हे बक्षीस वाढवीत पन्नास हजारांवर नेले. पण ते कोणालाच मिळाले नाही. इलिनॉय संस्थानातील 'बेबी' नावाची एक ब्रह्मदेशी मादी सत्तावीस फुटांची म्हणून गाजली. मृत्यूनंतर टेप लावली तेव्हा ती अठरा फूट दहा इंच भरली. २०११ साली कॅन्सस शहरात मोजलेली 'मेडुसा' ही जाळीदार अजगराची मादी पंचवीस फूट दोन इंच भरली, आणि बंदिवासातील सर्वांत लांब सर्प म्हणून तिची नोंद झाली.

या कथेला एक कडवट शेवटही आहे. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अजगर राजांकडून बाजारात आला आणि अमेरिकेत लोक त्याची पिले हौसेने घरी पाळू लागले. पिलू वाढते, हौस मात्र आटते. फ्लॉरिडात सोडून दिलेल्या व निसटलेल्या ब्रह्मदेशी अजगरांनी तेथील दलदलीत वंश वाढविला. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत, जेथे अजगर सर्वांत आधी पसरले त्या भागात रॅकूनसारखे प्राणी दिसण्याचे प्रमाण नव्व्याण्णव टक्क्यांनी घटल्याचे आढळले. त्याच वर्षी अमेरिकेने या अजगराच्या आयातीवर बंदी घातली. दोष अजगराचा नव्हता. त्याला दूरदेशी नेऊन टाकून देणाऱ्यांचा होता.

आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने अजगराला संरक्षण दिलेले आहे. त्याला मारणे, पकडणे वा घरी ठेवणे हा गुन्हा आहे. कोकणात ज्याला 'आर' म्हणतात तो हा प्राणी विषारी नाही. शेतात आढळला तर दूर राहून वनखात्यास कळवावे, एवढेच आपले काम.

वर्गातल्या त्या मुलाला मी आता लांबी सांगतो, ती टेपने मोजलेली सांगतो. आणि मग विचारतो, "त्याची आई अंड्यांना ऊब कशी देते, ठाऊक आहे का?" वर्ग एकदम शांत होतो. पन्नास फुटांच्या गोष्टीने जे होत नाही, ते या एका प्रश्नाने होते. भीतीने सर्प लांब झाला. पाहण्याने तो जिवंत झाला. त्या पाहण्याची किंमत पिंजऱ्यातल्या मुक्या जीवांनी भरली आहे, याची आठवण ठेवणे एवढे तरी आपल्या हाती आहे.