मोटार अपघाताचे उत्तरपरिणाम : वैद्यकीय संकेतांकन

मोटार अपघातातील इजा भरून आल्यावरही मागे उरणारे व्यंग वा दुखणे नोंदवण्याची पद्धत. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत (आयसीडी-१०, १९९४ पासून वापरात) अशा त्रासाचे बाह्य कारण ‘वाय८५.०’ या संकेतांकाने दाखवतात.

समजा, मुंबई–कोलकाता महामार्गावर देवरीजवळ (जि. गोंदिया) ट्रकच्या धडकेत कुणाची मांडी मोडली, हाड वाकडे जुळले आणि दीड वर्षानेही तो लंगडतो आहे. त्याच्या केसपेपरवर सध्याच्या तक्रारीसोबत ‘टी९३.१’, म्हणजे मांडीच्या अस्थिभंगाचे उत्तरपरिणाम, आणि ‘वाय८५.०’ येतात, ताज्या अस्थिभंगाचा ‘एस७२’ नव्हे.

अपघातानंतर वर्ष उलटूनही टिकलेला त्रास याच वर्गात धरतात. अमेरिकी आवृत्तीत मात्र मूळ इजेच्याच संकेतांकाला सातव्या जागी ‘एस’ जोडतात.